चार अक्षरांचं शेत

लातूर
ता. ९ नोव्हेंबर २०२५, रविवार

चि. तनुजा हिस,
अनेक आशीर्वाद.

तुझी तब्येत बरी असेल. रात्रपाळी असली की सकाळी उपाशी झोपू नकोस, एवढं आधी लिहून टाकते. माझ्या पायाचं प्लास्टर पंधरा दिवसांनी निघेल. दुखत नाही, खाजतं. डॉक्टरांनी पाय उशीवर ठेवून पडून राहायला सांगितलं आहे. ते मला किती जमतं हे तुला माहीत आहे.

पत्र कशाला, फोन कर, असं म्हणशील. फोनवर तू 'हं' म्हणतेस, मी 'बरं' म्हणते आणि सव्वा मिनिटात आपलं बोलणं संपतं. मुदखेडच्या तिकीट खिडकीवर तू याहून जास्त बोलत असशील.

मागच्या रविवारी अमरेश येऊन गेला. नांदेडच्या घराचं काम संपलं म्हणाला. तीस तारखेला घरभरणी आहे. पेढे ठेवले, पायाला हात लावला, आणि मला विचारतो, "आत्या, दिवसभर काय करून राहिलात?"

"भिंतीकडं बघून राहिले."

"मग हे बघा," म्हणाला आणि माझा मोबाईल काढून घेतला.

तो अकरावी-बारावीसाठी आपल्याकडे राहायला होता तेव्हा त्याच्याजवळ हातात धरून खेळायचा निळा डबा होता, त्याच्या मामाने हैदराबादहून आणलेला. तो डबा कधीच बंद पडला. पण त्यात घालायची खेळाची चिप अमरेशने जपून ठेवली होती. तंत्रनिकेतनात शिकवतो, हाताशी साधनं आहेत. त्याने ती चिप एका यंत्रात घालून आतला सगळा खेळ संगणकावर उतरवून घेतला, आणि तिथून माझ्या मोबाईलवर. मोबाईलमध्ये एक ॲप टाकलं, त्याला इम्युलेटर म्हणतात. मी विचारलं, डबाच नाही तर खेळ चालतो कशावर?

"मोबाईल सोंग घेतो, आत्या. गेमला वाटतं, आपण अजून त्याच डब्यात आहोत."

"बाहेरचं सगळं बदललंय हे त्याला कळतच नाही?"

"न्हाई. बटण दाबलं की त्याला बस होतं."

बटणं म्हणजे काचेवर काढलेली चित्रं. बोटाला काही लागत नाही, तरी आतला माणूस चालतो. मी सदतीस वर्षं विज्ञान शिकवलं, पण हे मला दोन दिवस काही सुचू देईना.

खेळ शेतीचा आहे. एक घर, एक विहीर, पडीक जमीन. दगड वेचायचे, नांगरायचं, पेरायचं, झारीने पाणी घालायचं. कोंबड्या पाळायच्या. तीस दिवसांचा एक ऋतू. मी वही केली आहे. एका सरीवर दिवसातून एकदा पाणी, दुसरीवर दोनदा, असं करून बघितलं. काही फरक पडत नाही. म्हणजे दुसऱ्यांदा घातलेलं पाणी खेळ मोजतच नाही. खताचं काही नाही, रोगराई नाही, रानडुक्कर नाही. बांधावरून भांडायला शेजारीही नाही. ज्याने केला त्याने शेती लांबून बघितली असणार.

पावसाचा शोध मात्र मोठा लागला. या ॲपमध्ये हवं त्या क्षणी खेळ साठवून ठेवता येतो आणि पुन्हा तिथे परतता येतं. मी आतल्या माणसाला रात्री झोपवण्याआधी साठवलं, झोपवलं, सकाळी ऊन. परत मागे आले, पुन्हा झोपवलं, पाऊस. एकच सकाळ मी वीस वेळा उजाडवली. सात वेळा पाऊस, तेरा वेळा ऊन. म्हणजे उद्याचं हवामान आधी कुठे लिहिलेलं नसतं, झोपायच्या क्षणी ठरतं! हे मी अमरेशला फोन करून सांगितलं तर तो म्हणाला, "आत्या, तुमचा पाय लवकर बरा व्हावा."

ॲपमध्ये वेळ भरभर पळवायचंही बटण आहे. पीक दोन मिनिटांत. ते मी वापरत नाही.

आणखी एक. चिपमध्ये जुनी नोंदही तशीच राहिली होती. खेळ सुरू केला तेव्हा पडद्यावर शेताच्या मालकाचं नाव आलं, इंग्रजीत चार अक्षरं, तनू. अमरेश मोठ्यानं हसला. "बघा आत्या, पुरावा अजून शाबूत हाय!" तो म्हणतो, घरभरणीला सगळे जमले की मोठ्या टीव्हीवर लावतो, तनूची केस पुन्हा उघडतो. मी त्याला चहा दिला. तो म्हणाला, आता नवीन खेळ सुरू करा, या ॲपमध्ये जुनं पुसायची भीती नाही. मी म्हटलं, आहे तेच चालू दे.

तू तीस तारखेला येणार की नाही ते कळव. 'बघते' असं कळवू नकोस.

तुझी,
आई

*

लातूर
ता. १७ नोव्हेंबर २०२५, सोमवार

चि. तनुजा हिस,
आशीर्वाद.

तुझा मेसेज मिळाला. "मी येणार नाही. त्या खेळाबद्दल मला लिहू नकोस."

लिहिणार आहे. वाच किंवा फाड, पण उभ्या उभ्या नको, बसून.

जून २००८. अमरेशचा डबा मी मार्चपासून माझ्या लोखंडी कपाटात ठेवला होता. अकरावीचा निकाल लागला की दोन दिवस परत देईन असं कबूल केलं होतं. निकाल लागला, मी डबा दिला. त्याने सुरू केला आणि तसाच खाली बसला. त्या खेळात नोंद एकच राहते. त्याचं तीन वर्षांचं शेत, गोठा, घर, सगळं गेलं होतं, आणि त्या जागी नवं शेत होतं, तुझ्या नावाचं. कपाटाची किल्ली बसवेश्वरांच्या तसबिरीमागे असते हे तुला माहीत होतं. तू तेरा वर्षांची होतीस.

तू म्हणालीस, "मी नाही." चार वेळा म्हणालीस. लेकाच्या निकालासाठी आलेले संगप्पामामा, मामी, सगळे बसले होते. मी म्हटलं, दादाची माफी माग. तू म्हणालीस, "मी केलंच नाही तर कशाची?" मी तुझ्या थोबाडीत मारली. शाळेच्या सहलीतून तुझं नाव कापून आले. आणि त्यानंतर आपल्या घरात ती म्हण झाली. दूध उतू गेलं, कप फुटला, की कुणीतरी म्हणायचं, "तनू म्हणते मी नाही," आणि सगळे हसायचे. तुझे बाबाही. मी हसले नाही कधी. पण कुणाला गप्पही केलं नाही.

ते मी केलं होतं, तनुजा.

मे महिना होता. शाळेला सुट्टी, अमरेश क्लासला, तू दुपारभर समीक्षाकडे. कपाटातून साडी काढताना डबा हाताला लागला. मुलं एवढी कशाने वेडी होतात ते बघावं, एवढंच मनात होतं. सुरू केला. पडद्यावर दोन ओळी, पहिलीत नवीन, दुसरीत जुनं पुढे. मी दुसऱ्याच्या वहीत कशाला लिहू, म्हणून पहिली ओळ दाबली. शिक्षकाचं डोकं. मला वाटलं, प्रत्येक मुलाची वही वेगळी असते, तसं यंत्रही नावानिशी वेगळी वही ठेवत असेल. त्याने नाव विचारलं. चारच चौकोन होते, जगदेवी बसेना. मी तुझं घातलं. संध्याकाळी आतला माणूस झोपायला निघाला तेव्हा विचारलं, आजची नोंद ठेवू का? खाली आणखी काही ओळ होती इंग्रजीत. ती मी पूर्ण वाचली नाही. चाळीस मुलांना 'प्रश्न पूर्ण वाचा' म्हणून ओरडणारी मी. हो म्हटलं.

त्या एका 'हो'ने अमरेशचं शेत गेलं, आणि मला ते कळलंही नाही. मी अकरा दुपारी खेळले.

त्या दिवशी अमरेश खाली बसला तेव्हा मला कळलं. तू पहिल्यांदा 'मी नाही' म्हणालीस तेव्हा मला बोलता आलं असतं. दुसऱ्यांदाही. मी तिथे उभी राहून विचार करत होते की जगदेवी बाई, जिने पोराचा डबा जप्त केला, ती दुपारी दार लावून कोंबड्या पाळत होती, हे या सगळ्यांना कसं सांगू? तेवढ्यात तू चौथ्यांदा म्हणालीस आणि माझा हात उठला. तुला खोटं ठरवलं नसतं तर मला खरं सांगावं लागलं असतं.

नंतर सांगू म्हटलं. मग तुझी दहावी आली, बाबांचं आजारपण आलं. आणि तू घरात काही सांगायचीच बंद झालीस. रेल्वेची परीक्षा दिलीस ते निकाल लागल्यावर कळलं. सत्यमशी लग्न नोंदवलंस ते आठ दिवसांनी. मी लोकांना सांगत राहिले, मुलगी मनस्वी आहे. सांगून कोण विश्वास ठेवतं, असं तू एकदाच म्हणालीस, लग्नाचा दाखला टेबलावर ठेवताना. मी चष्मा पुसत बसले.

या ॲपने मला एक चांगलं शिकवलं. मागे जाता येतं, पण जिथे साठवलं असेल तिथपर्यंतच. त्याआधीचं मागितलं तर रिकामी चौकट दाखवतं. मी मुद्दाम करून बघितलं.

तुझंच नाव का घातलं, याला चार चौकोनांपलीकडे कारण आहे. ते लिहायला बसले होते, लिहिता येत नाही.

घरभरणीला मी जाणार आहे. अमरेशला आधी फोनवर सांगून मोकळी होणार नाही. तुला सगळ्यांसमोर खोटं ठरवलं, तर हेही सगळ्यांसमोरच सांगायला हवं. तू येऊ नकोस, तुझं बरोबर आहे.

तुझी,
आई

*

नांदेड, अमरेशचं घर
ता. १ डिसेंबर २०२५, सोमवार

प्रिय तनुजा,

उत्तर आलं नाही. पत्र पोचल्याची पोचपावती मात्र आली आहे, सही तुझीच. हे पत्र तुझ्या शिवकन्यावहिनीच्या भावाबरोबर पाठवते आहे, तो आज दुपारी मुदखेडला परत जातो आहे. त्याला जेवायला घाल, इथे तो वाढपात होता, पोटभर जेवलेला नाही.

कालचं जसं झालं तसं लिहिते.

सकाळी स्वामी येऊन पूजा करून गेले. चाळीसेक माणसं. घर चांगलं बांधलं आहे, पण न्हाणीघराचा उतार उलटा आहे. मी शिवकन्येला सांगितलं तर ती म्हणाली, "आत्या, आज तरी." जेवणं झाली. अमरेशने मोबाईलची तार टीव्हीला जोडली आणि हाक दिली, "चला, आमच्या तनूची केस!" पडद्यावर ती चार अक्षरं आली, वीतभर मोठी. हशा झाला. संगप्पामामा गादीवर पाय पसरून बसले होते, ते म्हणाले, "आमच्या तनीचं शेत हाय ते! सातबारा काढा की आता." पुन्हा हशा.

मी काठी घेऊन उठले. म्हटलं, "ते शेत मी केलं. तनुजानं नाही. त्या मे महिन्यात डबा माझ्याकडे होता, मी खेळत होते. अमरेशची नोंद माझ्या हातून पुसली गेली. तनुजा खरं बोलत होती आणि मला माहीत होतं."

मला वाटलं होतं, शांतता होईल. सगळे आणखी जोरात हसले.

शिवकन्येचे वडील शेषेराव म्हणाले, "बाई लेकीला पाठीशी घालून राहिल्या!" मामी म्हणाल्या, "आता येत न्हाई ती, म्हणून आईला माया सुटली." अमरेश माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणतो, "आत्या, तुम्ही आणि गेम? तेव्हा? मी डब्याकडं नुसतं बघितलं तरी तुम्ही पट्टी उचलायच्या! ऱ्हाऊ द्या, मी तनूला कवाच माफ केलंय."

मी म्हटलं, "मी खरं सांगते आहे." तर कोपऱ्यातून कुणीतरी म्हणालं, "तनूची आई म्हणते मी केलं!" आणि खोली पुन्हा हसायला लागली.

तनुजा, खरं बोलून कुणी ऐकत नाही म्हणजे काय, ते मला पासष्टाव्या वर्षी कळलं. तू तेरा वर्षांची होतीस आणि तू चार वेळा म्हणालीस. माझं दोन वेळांतच संपलं.

मग मी अमरेशला म्हटलं, मालकाच्या नावाचं पान उघड, शेताचं नाव दाखव.

तुला मागच्या पत्रात जे लिहिता आलं नाही ते हेच. खेळ मालकाचं नाव विचारतो, मग शेताचं. पडद्यावर आलं, २१४.

अमरेश म्हणाला, "हा तनूचा रोल नंबर असंल, असं मला वाटायचं."

मी म्हटलं, "संगप्पाला विचार."

संगप्पामामांनी चष्मा लावला. उठून टीव्हीजवळ गेले. म्हणाले, "गट नंबर हाय."

कुठला, ते त्यांनी सांगितलं नाही, मी सांगितलं. उदगीरच्या माझ्या माहेरच्या जमिनीतला, ओढ्याकडचा, काळ्या मातीचा. आप्पा जिवंत असताना म्हणायचे, हा जगूचा. आप्पा गेले. २००८ च्या एप्रिलमध्ये संगप्पाने बोलावलं, मी शाळेतून अर्ध्या दिवसाची रजा काढून उदगीरला गेले आणि हक्कसोडपत्रावर सही करून आले. सगळ्याच बहिणी करतात. हिस्सा मागितला तर माहेर तुटतं, असं आई सांगायची. मी मुलींना नागरिकशास्त्रही शिकवायचे, वारसाहक्काचा धडा होता त्यात. तोही मीच शिकवला त्या वर्षी.

मे महिन्यात डब्याने विचारलं, शेत कुणाच्या नावावर? मी तुझं नाव घातलं. मग विचारलं, शेताचं नाव काय? हात थांबला नाही. माझ्याकडून तुझ्याकडे जायचं होतं ते शेत, तनुजा. ते मी कागदावर सोडून आले होते आणि तिथे बसून दगड वेचत होते. अकरा दुपारी. म्हणून मला सांगता येईना. खेळाची लाज वाटली हे मागच्या पत्रात लिहिलं, ते खरं आहे, पण सगळं खरं नाही. खेळत होते म्हटलं असतं तर कुणीतरी तो आकडा वाचला असता. संगप्पा समोरच बसला होता.

मामी उठून आत गेल्या. संगप्पामामा म्हणाले, "तायडे, तू तर हासत सही केलती."

"त्या कचेरीत फोटो काढत होते, संगप्पा."

"मला सांगायचं न्हाईस का?"

"तू विचारलं होतंस का?"

ते खाली बसले. म्हणाले, "साडी घेतलती तुला." मी म्हटलं, "हाव. चांगली होती." यात टोमणा नव्हता. साडी खरंच चांगली होती. मला जमीन परत नको, तेही मी सांगितलं. त्याने जन्मभर कसली आहे ती. मी तिथे एवढ्यासाठी उभी होते की तुझं नाव कसं आलं ते सगळ्यांना कळावं.

अमरेशने टीव्ही बंद केला. हा मुलगा हसतो फार, पण वाईट नाही. स्वयंपाकघरात येऊन माझ्यापाशी बसला. म्हणाला, "आत्या, म्हणजे मी तनूला सतरा वर्षं..." लगेच तुला फोन लावायला निघाला होता. मी त्याच्या हातातून मोबाईल घेतला. जुनी सवय. म्हटलं, तुझी पाळी नंतर.

परवा, बुधवारी सकाळी मी नांदेडहून मुदखेडला येते आहे. काठी आहे, पण चालता येतं. अमरेश सोडायला येतो म्हणाला, मी नको म्हटलं. तुझी ड्यूटी असेल तर खिडकीवर येऊन तुला लाज आणणार नाही, फलाटावर बाक आहेत. घरी ने असंही म्हणत नाही. ते तू ठरव, आणि नाही ठरवलंस तर संध्याकाळच्या गाडीने मी परत जाईन, त्यावर मला काही म्हणायचं नाही.

माफी मागायला येत नाही. तुला माफीही मागायला लावली होती मी, तो शब्द आपल्यात मीच खराब केला. मला त्या दिवसाचं तुझ्याकडून ऐकायचं आहे. तू कुठे उभी होतीस, तुला काय वाटलं, माझ्याकडे बघितलंस तेव्हा तुला काय दिसलं. तुला शंका आली होती का? बहुतेक आली असेल. तू हुशार होतीस, तो आकडा तूही वाचला असशील. मग तू कधी विचारलं का नाहीस, हे मला कळत नाही. रात्रभर मी याचाच विचार करते आहे. सांगायचं असेल तर सांग. मी मध्ये बोलणार नाही.

तू खरं बोलत होतीस.

आई